बयाना दिला, पण विक्रीपत्र होऊन नाही राहिलं, आता काय करायचं?

(पत्र थोडं कापून देते आहे. नावं आणि प्लॉट नंबर काढून टाकलेत.)

"ताई नमस्कार. मी नागपूरला मानेवाड्याला राहतो, प्रायव्हेट कंपनीत आहे. फेब्रुवारी 2023 मधे बेसा भागात 1500 फुटाचा प्लॉट 27 लाखात ठरवला. शंभरच्या स्टॅम्पवर बयानापत्र झालं, नोटरी केली, रजिस्टर नाही केलं. 6 लाख चेकनं आणि 3 लाख कॅश दिले. 30 नोव्हेंबर 2023 च्या आत विक्रीपत्र करून द्यायचं असं लिहिलंय. प्लॉट मालकाच्या वडिलांच्या नावावर होता, ते वारले. मागे आई, हा मुलगा आणि एक बहीण, ती पुण्याला असते. बयानापत्रावर मुलाची सही आहे, आईची साक्षीदार म्हणून आहे, बहिणीची नाही. माझं लोन तेव्हा सँक्शन झालं होतं, नंतर लॅप्स झालं. आधी म्हणे फेरफार होऊ द्या, मग म्हणे बहीण येऊ द्या, मग पुढच्या महिन्यात, मग दिवाळीनंतर. आता तिकडचा रेट किती वाढला तुम्हाला माहीत आहे. मागच्या महिन्यात म्हणाला, 9 चे 11 लाख घ्या आणि मोकळे व्हा. शेजारचे सांगतात दुसरी गिऱ्हाइकं प्लॉट बघून जाऊन राहिली. पुतण्या म्हणतो आपण तारेचं कुंपण टाकून बोर्ड ठोकू. मित्र म्हणतो नोटरीच्या कागदाला कोर्टात काही किंमत नाही, मिळतात ते पैसे घे. मला प्लॉटच पाहिजे. कोर्ट त्याला विक्रीपत्र करायला लावू शकते का? बयानापत्राचा फोटो जोडला आहे."

भाऊ, आधी तुमच्या मित्राचं मिटवते, कारण त्याच्या बोलण्यानं तुम्ही अर्धे गळाठलेले दिसता. नोटरीनं कागद पक्का होत नाही हे बरोबर, पण रजिस्टर नाही म्हणून तो रद्दी होतो हे साफ चूक. रजिस्ट्रेशन कायदा 1908 च्या कलम 49 च्या खालीच लिहिलंय की रजिस्टर न झालेला कागद करार झाल्याचा पुरावा म्हणून, करारपूर्तीच्या दाव्यात चालतो. करारपूर्तीचा दावा म्हणजे तुम्ही जे विचारताय तेच, कोर्टाकडे जाऊन म्हणायचं की यानं विकायचं कबूल केलं होतं, आता याला विकायला लावा, नुसते पैसे परत नकोत. म्हणजे हो, कोर्ट करायला लावू शकते. आणि तरीही तो सही करायला आला नाही तर कोर्टाचा अधिकारी त्याच्या वतीनं विक्रीपत्रावर सही करून देतो, तशी सोय सिव्हिल प्रोसीजर कोडमधे आहे, त्यामुळे तो हटून बसला तर काय याची काळजी नको.

रजिस्टर न केल्यानं तोटा होतोच पण तो वेगळा आहे. एक तर तुमचा बयाना कोणत्याही सर्चमधे दिसत नाही, म्हणजे उद्या दुसरा माणूस इंडेक्स, म्हणजे निबंधकाकडची रजिस्टर कागदांची यादी, काढून बघेल तर त्याला प्लॉट मोकळाच दिसणार. आणि दुसरं म्हणजे ताब्याचं संरक्षण. 24 सप्टेंबर 2001 पासून कायदा असा आहे की साठेखतावर, म्हणजे तुमच्या बयानापत्रासारख्या विकायच्या करारावर, ताबा घेऊन बसलेल्या माणसाला त्या ताब्याचं संरक्षण हवं असेल तर कागद रजिस्टरच लागतो. तुमच्या पुतण्याच्या कुंपणाचं उत्तर यातच आलं. कुंपण टाकलं तर तुम्ही अतिक्रमण केलं म्हणून तोच पोलीस स्टेशनला जाईल, आणि आता तुमची बाजू स्वच्छ आहे ती उगाच मळेल. पोरगा प्रेमापोटी म्हणतोय, पण त्याला आवरा.

ताब्याचा विषय निघालाच आहे तर तुमच्या बयानापत्राचं दुसरं पान बघा. त्यात एक ओळ आहे, "सदर प्लॉटचा मोक्यावरील खाली ताबा आज रोजी देण्यात आला आहे." तुम्ही पत्रात लिहिता की प्लॉट मोकळाच पडला आहे आणि तुमचं तिथं काही नाही. मग ही ओळ आली कुठून? सांगते. कोर्टाबाहेरच्या टायपिंगवाल्याकडे एक जुना नमुना असतो, त्यात नाव, नंबर, रक्कम बदलून प्रिंट मारतात आणि ताब्याचं वाक्य तसंच राहून जातं, कोणी वाचतही नाही. आता महाराष्ट्राच्या स्टॅम्प कायद्यात ताबा दिलेलं साठेखत विक्रीपत्रासारखंच धरतात, म्हणजे शंभरचा स्टॅम्प पुरत नाही, पूर्ण ड्युटी लागते. समोरचा वकील पहिल्याच फटक्यात हा मुद्दा काढेल आणि कोर्ट तो कागद अडकवून स्टॅम्प कलेक्टरकडे पाठवेल, तिथं राहिलेली ड्युटी आणि त्यावर दरमहा 2 टक्क्यांनी दंड भरावा लागतो. त्यानं दावा मरत नाही, पैसे भरले की कागद पुराव्यात येतो, पण वेळ आणि पैसा दोन्ही जातो. तेव्हा वकिलाकडे गेल्यावर ही ओळ त्याला स्वतःहून दाखवा, लपवू नका. ताबा खरंच दिला नव्हता हे मांडायचं की सरळ ड्युटी भरून मोकळं व्हायचं हे तो हिशोब करून सांगेल. मला विचाराल तर रक्कम झेपत असेल तर भरून टाका, नाहीतर या एका वाक्यावर वर्षभर तारखा पडतील.

आता ज्याच्यासाठी मी तुमचं पत्र बाकीच्यांच्या आधी घेतलं ते सांगते. तुमच्या करारात तारीख आहे, 30 नोव्हेंबर 2023. मुदतीच्या कायद्यात, म्हणजे लिमिटेशन अ‍ॅक्ट 1963 मधे, अनुच्छेद 54 आहे, त्यात करारपूर्तीच्या दाव्याला 3 वर्षं दिलीत आणि ती कधीपासून मोजायची तर करारात तारीख ठरलेली असेल तर त्या तारखेपासून. तारीखच ठरलेली नसेल तरच, समोरच्यानं नाही म्हटल्याचं कळलं तेव्हापासून. तुमच्या करारात तारीख आहे म्हणून तुमचा हिशोब 30 नोव्हेंबर 2026 ला संपतो. तो मागच्या महिन्यात "नाही" म्हणाला म्हणून आजपासून 3 वर्षं मिळतील असं तुमच्या पत्रातून वाटून राहिलंय, तसं नाही हो. आणि तो जे पुढच्या महिन्यात, दिवाळीनंतर करत राहिला ना, त्यानं मुदत वाढली असं तुम्हाला वाटेल, वकीलही तसा युक्तिवाद करू शकेल, मुदत दोघांनी मिळून वाढवली होती म्हणून, पण ते सिद्ध करायची जबाबदारी तुमच्यावर येते आणि तोंडी वायद्यांवर एवढा मोठा प्लॉट टांगून ठेवू नये. लोक असेच फसतात. समोरचा भांडत नाही, गोड बोलतो, चहा पाजतो, आणि एक दिवस त्याचाच वकील कोर्टात उभा राहून म्हणतो की दावा मुदतीबाहेर आहे. नोव्हेंबरात दिवाळीची सुट्टी असते, वकिलाला कागद लागतात, कोर्ट फीची जुळवाजुळव असते, म्हणून शेवटच्या आठवड्याचा भरवसा ठेवूच नका. खरं तर मी म्हणेन ह्याच महिन्यात दाखल करा. करारपूर्ती मागणारा माणूस अडीच-पावणेतीन वर्षं गप्प का बसला हे जज विचारतोच, आणि उशिराचं उत्तर जेवढं लहान तेवढं बरं.

हेच पुढच्या मुद्द्याला जोडून आहे. तुम्ही पत्रभर लिहिलंय की त्यानं कसं फसवलं, कसं झुलवलं. ते खरंच असेल, पण कोर्टात पहिला प्रश्न त्याला नाही, तुम्हाला विचारला जातो. तुम्ही तयार होता का? विशिष्ट अनुतोष कायदा 1963, म्हणजे स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट, त्याचं कलम 16 सांगतं की जो करारपूर्ती मागतो त्यानं आपल्या वाटणीचं काम करायला आपण सतत तयार आणि राजी होतो हे सिद्ध केलं पाहिजे. तयार म्हणजे खिशानं, राजी म्हणजे वागणुकीनं. आणि सतत म्हणजे नोव्हेंबर 2023 ला होते एवढं नाही पुरत, दावा लावताना आणि निकालापर्यंतसुद्धा. 18 लाख रुपये नोटांनी कोर्टाच्या टेबलावर ठेवायची गरज नाही, कोर्टानं भरायला सांगितल्याशिवाय भरावेही लागत नाहीत, कायद्यातच तसं स्पष्टीकरण आहे. पण कुठून आणणार होता हे दाखवावं लागतं. सुप्रीम कोर्टानं 2022 मधे एका निकालात हेच म्हटलं की नुसतं "मी तयार होतो" असं दाव्यात लिहून भागत नाही, पैशाची सोय होती याचा पुरावा पाहिजे.

तुमच्याकडे आहे की तो. लोनचं सँक्शन लेटर. ते कपाटातून काढा, बँकेत जाऊन त्याची सही-शिक्क्याची कॉपी घ्या, आणि 2023 पासूनचं पासबुक, एफडी, पीएफ, सोनं गहाण ठेवायची तयारी असेल तर त्याचंही, सगळं एका फाईलला लावा. लोन लॅप्स का झालं हेही बँकेकडून लिहून मिळालं तर फार उत्तम, कारण "मालकानं विक्रीपत्राचे कागद दिले नाहीत म्हणून रक्कम उचलली गेली नाही" असं एक वाक्य त्यात आलं तर तुमची अर्धी लढाई तिथेच झाली. आणि आता नवीन लोनची विचारपूस सुरू करा, म्हणजे आजची तयारीही दिसेल. तुम्ही म्हणता मी दर महिन्याला फोन करत होतो. फोनचा कागद होत नाही ना भाऊ. व्हॉट्सअ‍ॅपचा होतो, तुम्ही लिहिलंय की मेसेज आहेत. ते डिलीट करू नका, फोन बदलू नका, आणि स्क्रीनशॉट काढून फोन विकला असं तर अजिबात करू नका, कारण असा पुरावा देताना एक सर्टिफिकेट द्यावं लागतं आणि मूळ फोन हाताशी असला की ते सोपं जातं.

यानंतर वकिलाची नोटीस. स्पीड पोस्टानं, पोच दिल्याचा पुरावा येईल अशी पाठवा, जुनं रजिस्टर्ड पोस्ट 1 सप्टेंबर 2025 पासून स्पीड पोस्टातच मिसळलंय. नोटिसीत मोघम लिहू नका. अमुक तारखेला, अमुक वाजता, सह दुय्यम निबंधक कार्यालयात मी उरलेल्या 18 लाखाच्या सोयीसह हजर राहतो, तुम्ही या, असं लिहा. आणि त्या दिवशी खरंच जाऊन बसा, तो येणार नाही हे माहीत असलं तरी. दोन साक्षीदार न्या, तिथूनच नोटरीकडे जाऊन हजर असल्याचं प्रतिज्ञापत्र करा. हे नाटक वाटेल, पण उलटतपासणीत "तुम्ही कधी विक्रीपत्राला गेलात का" हा प्रश्न येतोच येतो आणि तेव्हा हा कागद बोलतो.

कॅशचं आता. 3 लाख कॅश दिल्याचं बयानापत्रात लिहिलंय हे चांगलं, पण त्याला दुसरी बाजू आहे. जमिनीच्या व्यवहारात 20 हजार किंवा त्याहून जास्त आगाऊ रक्कम कॅशनं घ्यायला इन्कम टॅक्स कायद्यानं मनाई आहे, त्याचा दंड घेणाऱ्याला बसतो. आणि एप्रिल 2025 मधे सुप्रीम कोर्टानं सांगून टाकलंय की ज्या दाव्यात 2 लाख किंवा त्याहून जास्त कॅश दिल्याचं म्हटलं असेल तिथं कोर्टानं इन्कम टॅक्स खात्याला कळवायचं. म्हणजे तुमचे 3 लाख कुठून आले हा प्रश्न तुम्हालाही येऊ शकतो. घाबरायचं काही नाही, बँकेतून काढलेले असतील तर ती एंट्री दाखवा, पगारातले असतील, बायकोचे असतील, जे असेल ते खरं सांगा, पण वकिलाला पहिल्या दिवशी सांगा. हे लपवायला म्हणून दाव्यात 6 च लाख लिहिण्याचा सल्ला कोणी दिला तर ऐकू नका, मग तुमचा स्वतःचाच कागद तुम्हाला खोटं पाडेल.

एवढं सगळं ठीक आहे, पण खरी मेख तुम्ही पत्रात अर्ध्या ओळीत उरकली आहे, बहिणीची. वडील मृत्युपत्र न करता वारले असतील तर आई, मुलगा आणि मुलगी, तिघांचा सारखा हिस्सा. म्हणजे ज्यानं तुमच्याकडून 9 लाख घेतले तो एक तृतीयांशाचा मालक, आणि त्यानं पूर्ण प्लॉट विकायचा करार केला. बहिणीनं सही केली नाही तर कोर्ट तिला विकायला लावणार नाही, तिचा तुमच्याशी करारच नाही. आईचंही "सही आहे की" म्हणून समाधान मानू नका, साक्षीदाराची सही म्हणजे सही करताना मी पाहिलं एवढंच, मी माझा हिस्सा विकते असं त्यातून आपोआप निघत नाही. आईच्या खात्यात काही पैसे गेले असतील, ती बोलणीला बसलेली असेल, तिचा एखादा मेसेज असेल, तर गोष्ट वेगळी, ते शोधा. चेक कोणाच्या नावानं दिले होते ते तुम्ही लिहिलंच नाही. ते बघा आधी.

आणि दुसरं काम, हे घरबसल्या होतं. नोंदणी विभागाच्या साइटवर ई-सर्च आहे, त्यात बेसा गाव आणि तुमचा खसरा नंबर किंवा प्लॉट नंबर टाकून 2023 पासूनचे इंडेक्स टू बघा. तुम्ही लिहिलंय की "ऐकण्यात आलं बहिणीनं लिहून दिलं." ऐकण्यात आलं काय, बघून घ्या. बहिणीनं आणि आईनं हक्कसोडपत्र करून दिलं असेल तर ते रजिस्टरच असणार आणि तिथं सापडेल. सापडलं तर तुमचं नशीब उघडलं म्हणायचं, कारण स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टच्याच कलम 13 प्रमाणे विकणाऱ्याचा हक्क करार करताना अपुरा होता आणि नंतर त्याला उरलेला हक्क मिळाला, तर त्या हक्कातून करार पुरा करून द्यायला तुम्ही त्याला लावू शकता. मग "बहीण ऐकत नाही" हे त्याचं रडगाणं संपलं. सातबारा किंवा आखीव पत्रिका जे असेल ते पण ताजं काढा, फेरफारात कोणाकोणाची नावं चढली ते दिसेल. ले-आउट मंजूर आहे का, एनए (बिनशेती) आणि आरएलचे (रिलीज लेटरचे) कागद आहेत का हेही त्याच वेळी बघून टाका, तुम्ही पत्रात त्याबद्दल एक शब्द लिहिला नाही आणि नागपूरच्या आजूबाजूला प्लॉट घेताना लोक सगळं विचारतात, हे सोडून.

हक्कसोडपत्र नाही सापडलं तर? तर कलम 12 आहे. त्यात असं की जो पूर्ण करार पुरा करू शकत नाही त्याच्याकडून जेवढं होईल तेवढं तरी तुम्ही मागू शकता. म्हणजे त्याचा हिस्सा, त्या हिश्श्याच्या प्रमाणात किंमत देऊन, पण मग उरलेल्या भागावरचा आणि त्याच्या नुकसानभरपाईचा हक्क सोडून द्यावा लागतो. कागदावर हे छान दिसतं. प्रत्यक्षात तुम्हाला 1500 फुटातला न वाटलेला तिसरा हिस्सा मिळेल, दोन बायकांशी वाटणीचं भांडण मिळेल, आणि त्या 500 फुटात घर काय बांधणार? मी तरी हा मार्ग दबाव म्हणून ठेवीन, शेवटचं ठिकाण म्हणून नाही. पण दबाव म्हणून तो जबरदस्त आहे, कारण कोर्टात दावा लागलेला प्लॉट दुसरं गिऱ्हाईक घेत नाही, आणि आई-बहिणीलाही मग आपला हिस्सा विकता येणं अवघड होतं.

त्याच्या बाजूनं तो काय म्हणेल तर भाव दुप्पट झाला, माझं नुकसान आहे. 2018 च्या आधी करारपूर्ती द्यायची की नाही हे बरंचसं कोर्टाच्या मर्जीवर होतं, विकणाऱ्याची फार ओढाताण होते असं वाटलं तर कोर्ट पैसे परत देऊन मिटवायचं. 1 ऑक्टोबर 2018 पासून कायदा बदलला, आता अटी पुऱ्या झाल्या की करारपूर्ती द्यायचीच असा रोख आहे. तुमचा करार 2023 चा, म्हणजे सरळ नवीन कायद्यात. भाव वाढला हे काही त्याचं सुटायचं कारण नाही. पण याचा अर्थ तुमचा दावा आपोआप जिंकला असाही काढू नका, तयारी सिद्ध करायची अट तशीच आहे.

दुसऱ्या गिऱ्हाइकाचं काय, तर दाव्यासोबतच तात्पुरत्या मनाई हुकमाचा अर्ज द्यायचा, प्लॉट विकू नये, गहाण टाकू नये म्हणून. दाव्याची नोटीस, लिस पेंडन्स म्हणतात ती, निबंधकाकडे नोंदवून घ्या म्हणजे सर्चमधे दिसायला लागेल. दावा लावायच्या आधीच पेपरात जाहीर सूचना द्या, नागपुरात वाचला जातो अशा मराठी पेपरात, सोबत प्लॉटचं पूर्ण वर्णन. कारण कायदा असा आहे की ज्यानं पूर्ण किंमत दिली आणि ज्याला तुमच्या कराराची काहीच माहिती नव्हती अशा प्रामाणिक खरेदीदाराला तुम्ही हात लावू शकत नाही. माहिती होती तर लावू शकता. जाहीर सूचना म्हणजे "मला माहीतच नव्हतं" हे दार लावणं. शक्य असेल तर मालकाच्या शेजाऱ्यांनाही सांगून ठेवा, बघायला येणाऱ्याच्या कानावर जाईल. बोर्ड नको, बोलणं चालेल.

दावा सिव्हिल लाइन्सच्या जिल्हा न्यायालयात, सीनियर डिव्हिजनकडे जाईल. कोर्ट फी 27 लाखावर लागते, दिलेल्या 9 लाखावर नाही, त्याची आधीच सोय करा. मागणीत करारपूर्ती, त्याच्या सोबत ताबा, आणि नाहीच जमलं तर बयान्याची रक्कम व्याजासह परत, हे तिन्ही लिहून घ्या. स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टच्या कलम 22 मधे स्पष्ट आहे की मागितलं नाही तर मिळत नाही, आणि 2022 मधे सुप्रीम कोर्टानं एका माणसाला करारपूर्तीही नाकारली आणि बयानाही, कारण त्यानं बयाना परत मागितलाच नव्हता. दाव्याचा ड्राफ्ट वाचायला मागा, इंग्रजीत असेल तर मराठीत समजावून घ्या, आणि हे तीन शब्द त्यात आहेत का ते बोट ठेवून बघा. किती वेळ लागेल? कायद्यात लिहिलंय समन्स लागल्यापासून 12 महिन्यात निकाल, फार तर 6 महिने वाढवून. आता मी यावर काय बोलू. तुम्ही वर्षांचा हिशोब धरा, आणि वर अपील असतंच.

जिंकल्यावरची एक गोष्ट आताच सांगून ठेवते कारण तेव्हा कोणी सांगत नाही. हुकूमनाम्यात उरलेले पैसे अमुक मुदतीत कोर्टात भरा असं असतं. ती मुदत चुकली की समोरचा अर्ज देऊन करारच रद्द करून मागू शकतो, कलम 28. निकाल लागला म्हणून पेढे वाटत बसलेली माणसं यात हरलेली मी पाहिली आहेत. निकालाच्या दिवशीच तारीख लिहून घ्या, वाढवून हवी असेल तर मुदत संपायच्या आधी अर्ज करा.

राहिले ते 11 लाख. तुम्हाला प्लॉटच हवा असेल तर यातला एक रुपयाही घेऊ नका, आणि त्यानं न विचारता तुमच्या खात्यात टाकले तर त्याच दिवशी परत पाठवा, लेखी कळवून. एप्रिल 2025 मधेच पाटण्याच्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टानं बघितलं की विकणाऱ्यानं करार रद्द करतो म्हणून डिमांड ड्राफ्ट पाठवले आणि घेणाऱ्या बाईनं दावा लावल्यावर ते वटवून घेतले. झालं, तिला करार पुरा करायचा नव्हता असा अर्थ निघाला आणि दावा गेला. त्यात अजून एक होतं, विकणाऱ्यानं करार रद्द केल्याचं पत्र दिलं असेल तर ते रद्द करणं चूक आहे असंही कोर्टाकडून मागावं लागतं, तिनं ते मागितलं नव्हतं. तुमच्याकडे असं पत्र आलं असेल, व्हॉट्सअ‍ॅपवर का होईना, तर वकिलाला दाखवा.

पण घरात बसून एकदा शांतपणे विचार करा की प्लॉटच पाहिजे की माघार नको. बहिणीचं हक्कसोडपत्र सापडलं तर मी तुमच्या जागी लढेन. नाही सापडलं आणि आईनं पण हात वर केले, तर तडजोडीला नाक मुरडू नका, फक्त 11 वर नाही. दावा दाखल करून मनाई हुकूम हातात आला की त्याचा आकडा आपोआप वर सरकतो, तेव्हा बोला. लोकअदालतीत मिटलं तर कोर्ट फीसुद्धा परत मिळते. आणि जे ठरेल ते कोर्टात तडजोडीचा अर्ज म्हणून लिहून, त्याची रक्कम डीडीनं, आणि तुमची बयाना रद्द केल्याची सही डीडी हातात पडल्यावर. नुसता चेक घेऊन सही देऊ नका.